दुखण्याच्या पैशातलं घड्याळ

मंडळी, आज सुट्टी म्हणून रेवदंड्याला घरी आलोय आणि सकाळी सकाळीच आईकडून हरून बसलोय.

न्हावा शेव्याच्या माझ्या ऑफिसात आरोग्यासाठी दरवर्षी पगाराशिवाय वेगळी रक्कम मिळते. औषधं, तपासण्या आणि यंदापासून हृदयाचे ठोके मोजणारं फिटनेसचं घड्याळही त्यात बसतं. गेल्या महिन्यात मी ते आईसाठी घेतलं, कारण बाबांच्या वेळी हृदयाचा त्रास कळेपर्यंत फार उशीर झाला होता.

पैसे कुठले ते तिला सांगितलं, तिथेच चुकलं. "मी धडधाकट हाय. दुखण्याचे पैसे असे मोडले का दुखणं घरात येतं," म्हणाली आणि घड्याळ कपाटात गेलं.

आज बघतो तर आई अंगणात बांगडा मासळीला मीठ लावतेय आणि घड्याळ मनगटावर, वरून प्लॅस्टिकची पिशवी बांधलेली. शेजारच्या काकूंनी नेमकी आईचीच जुनी शंका काढली. आई मान वर न करता म्हणाली, "मासळीला मीठ तू आधी लावतेस का वास आल्यावर?"

मग माझ्याकडे बघून, "तुझं कुठं हाय?"

माझं मनगट मोकळंच. तुमचं?