दह्याचा हात

माझा सिनेमा दाखवायला सांगलीला निघताना बायकोनं तळहातावर दही ठेवलं, आणि अंगठा आपोआप कॅमेऱ्याचं बटण शोधू लागला.

वीसेक वर्षांपूर्वी, याच सिनेमाचं चित्रीकरण करताना, कोरेगावच्या पारूकाकींनी पलटणीत परतणाऱ्या लेकाच्या हातावर असंच दही ठेवलं होतं. तो गेल्यावर मला कळलं, की मी बटण दाबलंच नव्हतं.

“काकी, हाक मारू त्याला? निरोप पुन्हा द्या.”

“आवं, निघालेल्याला माघारी बोलवत्यात व्हय? हे दही खावा अन् तुमीबी निघा. मागं बघू नका!”

अर्ध्या खऱ्या, अर्ध्या रचलेल्या त्या सिनेमात निरोपाच्या जागी नुसता उंबरा दिसतो. जाणकार वाखाणतात, मी गूढ हसतो.

पोरगा सुखरूप परतला का, हे कधी विचारलंच नाही. आत्ता एसटी कोरेगावला थांबलीय. उतरावंसं वाटतं, पण काकींनी मागं बघू नका म्हटलंय.