खिळेमामांची बिनखिळ्यांची होडी

होड्या बांधताना आमचे मामा तोंडात खिळे धरायचे. ओठांच्या कोपऱ्यात चार-पाच, कायम. त्यामुळे बंदराच्या धक्क्यावरचे सगळे त्यांना खिळेमामा म्हणायचे. मामींच्या मते त्यांचा संसारही खिळ्यांमुळेच टिकला. नवरा बोलतच नाही म्हटल्यावर भांडणार कुणाशी?

मग प्राध्यापकबाई आल्या. हजारो वर्षांपूर्वी माणसं दोरीने फळ्या शिवून समुद्र ओलांडत होती, असं त्यांचं म्हणणं. ते सिद्ध करायला त्यांना तशीच होडी हवी होती, लोखंडाचा कणही नसलेली. मामांनी काम घेतलं, खिळे डब्यात गेले आणि घरादाराचे हाल सुरू झाले. तोंड मोकळं झालेला माणूस सकाळपासून बडबडू लागला. "शिवायला ही काय उशी आहे?" हे तर दिवसातून दहा वेळा. मामींनी कानात कापूस घातला.

होडी देखणी झाली. पाण्यात सोडली, टाळ्या वाजल्या आणि तासाभरात डावीकडून आत पाणी यायला लागलं. बाई भिजलेल्या वहीसकट कशाबशा किनाऱ्यावर परतल्या. चेहरा एवढासा झाला होता.

"माझंच चुकलं," त्या म्हणाल्या. "अशा होड्यांनी समुद्र ओलांडणं शक्यच नव्हतं. तसंच लिहून टाकते."

मामा गप्प. मामींना संशय यायला तेवढं पुरलं.

"अहो, महिनाभर माझे कान खाल्लेत, आता काय झालं?"

मामांनी होडी कलती केली आणि डावीकडची शिवण चाकूने कापली. आत ओळीने सात खिळे!

"ही शिवण सैल वाटली. दोरीवर भरवसा बसेना," मामा मान खाली घालून म्हणाले. "बाकीच्या फळ्या लाटेबरोबर हलल्या, वाकल्या, टिकल्या. ह्या मी जखडून ठेवल्या, म्हणून फाटल्या. बाई, त्या लोकांना येत होतं. मलाच येत नव्हतं."

चाळीस वर्षं होड्या बांधणाऱ्या माणसाने हे चारचौघांत म्हणावं! मला त्यांचा फार अभिमान वाटला. बाईंना वाटायला दोन दिवस लागले; आधी त्या भयंकर चिडल्या.

डावी बाजू मामांनी पुन्हा शिवली. बाई रोज सकाळी त्यांचे खिसे तपासायच्या. होडी समोरच्या बेटाला जाऊन परत आली, आतून जवळजवळ कोरडी. मामा कितीतरी वेळ त्या शिवणीवरून हात फिरवत राहिले. त्या दिवशी ते एक शब्द बोलले नाहीत, आणि तोंडात एकही खिळा नव्हता.