टॉवेलाखालचा भाव

दाजी गेल्याचा फोन भल्या सकाळी आला. "गेले रे वसंता," एवढं म्हणून अक्का थांबली. मी काही बोलायच्या आतच तिने विचारलं, "दिल्लीत त्यांचं काही होतं का? खरं सांग." नवऱ्याला घराबाहेर काढलंही नव्हतं आणि माझ्या थोरल्या बहिणीच्या तोंडी हा प्रश्न! मला तिचा राग आला नाही. दिल्लीत केंद्राच्या मंत्रालयात नोकरी आणि अधूनमधून पेपरात लिखाण करून संशय माझ्या अंगी मुरलेलाच आहे, आणि दाजींबद्दलचा हा संशय तर कितीतरी वर्षं माझ्या मनात ठाण मांडून बसला होता...

दाजी हळदीचे शेतकरी. आमच्या भागातल्या बाजारात तेव्हा हळदीचा सौदा टॉवेलाखाली व्हायचा. व्यापारी आणि अडत्या टॉवेलाखाली हात घालायचे, बोटं दाबून भाव ठरवायचे, आणि ज्याची हळद तो शेतकरी बाजूला उभा राहून दोघांच्या तोंडाकडे बघायचा. एका वर्षी दाजींनी भर बाजारात तो टॉवेलच ओढून काढला. "माझ्या मालाचा भाव मला दिसू दे की!" असं ते ओरडले म्हणतात. सौदे उघड्यावर होऊ लागले. त्या एका टॉवेलावर दाजी आधी बाजार समितीत, मग विधानसभेत आणि शेवटी लोकसभेत गेले.

खासदार झाल्यावर बंगला मिळेपर्यंत ते कोपर्निकस मार्गावर राज्याच्या अतिथिगृहात उतरले होते, पण जेवायला आमच्या आर. के. पुरमच्या क्वार्टरमध्ये. येताना पिशवीत हळद असायचीच. वरच्या मजल्यावरच्या बंगाली वहिनींपासून खालच्या सरदारजींपर्यंत सगळ्यांच्या फोडणीत आमच्या गावची हळद पडायची. "वसंतराव, तुम्ही दिल्लीवाले पिवळा रंग खाता आणि हळद म्हणता," असं म्हणून ते गडगडाटी हसायचे. माझी बायको, जी माझ्या विनोदाला कधी हसली नाही, तीही हसायची. माणूस लाघवी होता. मला ते फार आवडायचे, हेही इथेच सांगून टाकतो.

ते दिवस देशाचा सगळा बाजार खुला होण्याचे होते. यमुनेपलीकडे नोएडात सेक्टरमागून सेक्टर उठत होते आणि आसपासच्या गावांतली शेतं जात होती. तिथले शेतकरी दाजींकडे यायचे. "आप तो किसान हैं, आप हमारी बात समझेंगे," म्हणायचे. जमिनी वाचवण्यासाठी त्यांनी सभा ठेवली होती, तिला यायचा शब्द दाजींनी दिला होता.

सभेच्या दोन-तीन दिवस आधी मी डबा घेऊन अतिथिगृहात गेलो. दार नुसतं लोटलेलं होतं. आत पलंगावर दाजी आणि सफारीतला एक गृहस्थ समोरासमोर बसले होते. मधे दाजींचा टॉवेल, आणि टॉवेलाखाली दोघांचे हात. मला पाहताच हात बाहेर आले. "ह्यांना आपल्याकडची गंमत दाखवत होतो," दाजी म्हणाले. "कमाल का सिस्टम है!" म्हणत तो गृहस्थ उठला आणि जाताना मला कार्ड देऊन गेला. नोएडातला बिल्डर होता.

गंमत असेलही. पण दाजी सभेला गेले नाहीत. ताप आला म्हणाले. त्याच संध्याकाळी आमच्याकडे त्यांनी झुणक्याबरोबर चार भाकऱ्या खाल्ल्या, आणि बायकोने कपाळाला हात लावून पाहिला तर कपाळ थंडगार! त्यानंतर आमच्याकडे येणं हळूहळू कमी झालं. पुढची निवडणूक हरले, तरी वर्षातून दोनदा दिल्लीला यायचेच. कुठे उतरता, असं विचारलं की "आहे एक सोय" म्हणून विषय बदलायचे...

ती सोय शेवटी बिल्डरच्या माणसानेच कळवली. दिवस-वार झाल्यावर त्याचा फोन आला, "नेताजी के फ्लैट में सामान पड़ा है." तिकडे गावी बाजार समितीने सौद्यांच्या नव्या हॉलला दाजींचं नाव द्यायचं ठरवलं होतं आणि अक्काचा होकार मागितला होता. ती होकार देईना. फ्लॅटचं आणि मी पाहिलेल्या त्या टॉवेलाचं माझ्याकडून ऐकून तडक दिल्लीला आली आणि म्हणाली, "आधी तिथं ने मला."

नोएडातल्या एका इमारतीत चौथ्या मजल्यावरचं घर. एक खाट, एक स्टोव्ह, खुंटीला धोतर. आत वैभव म्हणावं असं काही नव्हतं. पण बाल्कनीत रंगाच्या रिकाम्या डब्यांमध्ये कमरेएवढी हळद उभी होती! अक्का खाली बसली, मातीत बोट घातलं आणि म्हणाली, "वाळलीय रे." स्वयंपाकघरातून तांब्या भरून आणून ती पाणी घालू लागली.

दार उघडून द्यायला आलेला म्हातारा चौकीदार मागे उभा होता. "नेताजी खुद लगाते थे," तो म्हणाला. "बोले थे, पानी देते रहना. पर अब निकलेगी तो किसको देनी है?"

"ज्यांची ही जमीन होती त्यांना दे म्हणावं," अक्का त्याच्याकडे न बघता म्हणाली. मी ते हिंदीत सांगितलं.

चौकीदाराने एकदा हळदीकडे पाहिलं, एकदा खाली रस्त्याकडे. "हमारी ही थी, माँजी," तो म्हणाला. "जहाँ ये बिल्डिंग है, यहीं." मग जरा थांबून म्हणाला, "उस दिन हम सब शाम तक बैठे रहे थे, नेताजी आएँगे करके."

त्याच्या बोलण्यात राग नव्हता. तो असता तर बरं झालं असतं. माझी मान खाली गेली आणि त्या क्षणी मला दाजींचा जितका संताप आला तितकीच त्यांची आठवणही आली.

"समितीला आजच कळव," अक्का म्हणाली. "हॉलला त्यांचं नाव नको. लोक का म्हणून विचारतील, तर तू पेपरात लिहितोस न्हवं? का ते लिही."

आणि मग उरलेल्या डब्यांनाही तिने पाणी घातलं.