अंगणात फुटलेला नारळ

आमच्या शेजारचा गडी हुतुतू खेळायचा, तोही मोबदल्यात धोतरजोडी नि तांदूळ घेऊन. चांद्यापासून अहेरीपर्यंतची गावं दिवाळीनंतरच्या मंडईच्या जत्रेतल्या सामन्यांसाठी त्याले नारळ देऊन बोलवत. नारळ घेतला म्हणजे शब्द दिला, अन् तो फोडायचा सामन्याच्या मैदानातच. बोलायचाही खेळल्यासारखाच, एका दमात, मधात कुठी श्वास म्हणून नाई.

त्या वर्षी त्याचा खांदा निखळला. वैद्य म्हणाले, पुन्हा निखळला तर जाळं फेकणं विसर. घर तर मासोळीवरच चालायचं. तरी अहेरीचे आले अन् यानं नारळ घेतलाच. त्याची बायको माझ्या ओसरीत येऊन बसली. "बाई, ह्याले समजवा नं!"

मी उठून निघाले. तेवढ्यात ठाक्कन आवाज आला. त्यानं नारळ मैदानात न नेता आपल्या अंगणातल्या दगडावरच फोडला होता. अहेरीच्या पाव्हण्यांच्या हातावर खोबरं ठेवून राह्यला होता.

"भ्याला का गा?" एकानं टोमणा मारला.

"भ्यालो नं भाऊ, हात गेला तर जाळं कोन फेकन..." तो थांबला. पोटभर श्वास घेतला. "अन् खाऊ काय?"

इतकी वर्षं शेजारी राहून त्याचा श्वास मी पहिल्यांदा ऐकला. मलेच हायसं वाटलं.