परळीच्या चिमणीवर हसणारी बाई

हा लेख मी तीन आठवडे टाळला. गौरवग्रंथाच्या संपादकांचा फोन आला, की आष्टीच्या बाजारात शेळ्या बघत उभा राहायचो. शेळी घ्यायची नव्हती. हमीदचाचांबद्दल लिहायचं तर माझी चूकही लिहावी लागणार, म्हणून.

चाचांची पहिली भेट नेकनूरच्या एसटीतली. आयटीआय अर्धवट सोडून मी नुसता हिंडत होतो. त्यांनी मांडीवरचा कॅमेरा माझ्याकडे दिला. म्हणाले, "धर बे. लई जपून." तो अजून माझ्याच हातात आहे.

एकाहत्तरच्या युद्धात तुटलेले पूल पुन्हा कसे बांधले, परळीचं वीजकेंद्र कसं उभं राहिलं, याचे माहितीपट चाचांनी केले. साहेबांची भाषणं त्यांत कमी, घमेली उचलणारे हात जास्त. फिल्म आधी तिच्यात दिसणाऱ्यांना दाखवायची, हा त्यांचा नियम. कापसाच्या जिनिंगच्या भिंतीवर, देवळापुढे, कुठंही. कुणी स्वतःला ओळखलं, की तेवढा तुकडा पुन्हा दाखवायचा.

आपल्या पंचाहत्तरीच्या सत्कारात दाखवायच्या परळीच्या फिल्ममधल्या प्रत्येक चेहऱ्याखाली नाव द्यायचं त्यांनी ठरवलं. नावं जमवायला मी. चिमणीच्या परांचीवर घमेलं घेऊन हसणारी एक बाई काही केल्या सापडेना. युसूफ वडगाव या खेड्यात कुणी म्हणालं, सोजरबाई असतील. मी विचारायलाही गेलो नाही, लिहून टाकलं.

त्याच गावात फिल्म दाखवली. सोजरबाई उठून उभ्या राहिल्या. "ही मी न्हाई. त्या उन्हात हसू कुणाला येतंय?"

सगळे हसले. चाचांनी मात्र हात जोडले, "चूक आमची हाय, बाई." परतताना मला भजी खाऊ घातली. त्या बाईचं नाव मिळेपर्यंत फिल्म कुणालाच दाखवायची नाही, सत्कारातही नाही, असं त्यांनी ठरवलं. आणि चाचांची नजर फार तर वर्षभर टिकेल, असं डॉक्टर म्हणतात.

चाचा, तुम्हाला उदंड आयुष्य लाभो आणि शेवटच्या दिवसापर्यंत माणसांचे चेहरे दिसत राहोत.

एवढं लिहिलं आणि त्यांच्या सूनबाईंचा फोन आला. दारात कुणी म्हातारी आलीय. परळीला चिमणीवर होते म्हणते, पण नाव सांगत नाही. आधी फिल्म दाखवा, मग नाव, म्हणते.

चाचा भिंतीला चादर लावतायत.