ताटभर पीठ

माझं आडनाव ‘कर’वर संपतं, म्हणून मराठी माणूस मला हिंदू समजतो. पहिलं नाव जुन्या करारातलं, म्हणून केरळचे लोक ख्रिश्चन समजतात. तेच नाव अरबीत एका पैगंबराचं, त्यामुळे टॅक्सीवाले सलाम करून जवळची मशीद कुठे आहे ते सांगतात. मी आहे यहुदी. रायगडच्या किनाऱ्यावरच्या शनवार तेल्यांपैकी एक, शनिवारी घाणा बंद ठेवणाऱ्या लोकांचा पणतू. सौदीत आल्यापासून अकरा वर्षं हे वाक्य मी कोणापुढे उच्चारलं नव्हतं.

व्हिसाच्या वेळी मुंबईच्या एजंटचं पेन धर्माच्या रकान्यापाशी थांबलं. त्याने माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, “साहेब, ख्रिश्चन टाकतो. उगाच कटकट नको.” मी ‘टाका’ म्हटलंसुद्धा नाही, नुसता गप्प बसलो. खरं सांगायचं तर इथे मला कधी कोणी त्रास दिला नाही, कोणी खोदून विचारलंही नाही. पण अर्जावर खोटं लिहिलंय हे मला ठाऊक आहे. इकाम्याचं, म्हणजे इथे राहण्याच्या परवान्याचं, नूतनीकरण जवळ आलं की माझं जेवण उडतं. घरी फोन केला तर आम्ही इस्रायल हा शब्द उच्चारत नाही. मावशी ‘तिकडे’ असते, एवढंच.

रास अल खैरला समुद्राचं पाणी गोडं करतात, त्या कामात मी मीटर आणि वॉल्व्हची देखभाल बघतो. कॅम्पमधून प्लांटवर बसने जायला अर्धा तास लागतो. माझ्या शेजारच्या सीटवर गेली तीन वर्षं एकच माणूस बसतो. पंपांचा सुपरवायझर, मोरोक्कोचा, पन्नाशी उलटलेला, कॅम्पात माझ्या समोरच्याच खोलीत राहणारा. आमची भाषा म्हणजे मोडकं इंग्रजी आणि त्याहून मोडकी अरबी यांची खिचडी. तरी त्याच्याइतकं माझं इथे कोणाशी जमलं नाही. मी आजारी पडलो की सूप तोच आणून देई.

“आमच्या गल्लीच्या टोकाला यहुद्यांची वस्ती होती,” असं त्याने एका सकाळी सहज सुरू केलं. मी खिडकीबाहेर बघत राहिलो. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं, वाळू आणि विजेच्या तारा. तो त्याच्या आजीबद्दल सांगत होता. तिची जिवाभावाची मैत्रीण त्या वस्तीतली, शिंप्याची मुलगी. दोघींच्या घरचा पाव गल्लीतल्या एकाच भट्टीत भाजला जाई. फ्रेंचांचं राज्य आलं आणि यहुदी मुलांसाठी फ्रेंच शिकवणारी शाळा निघाली. मैत्रीण शाळेत गेली, आजी भट्टीपाशीच राहिली. काही वर्षांत मैत्रिणीच्या अंगावर फ्रेंच पद्धतीचे कपडे आले. मग तिचं घर वस्तीतून उठून साहेबांनी वसवलेल्या नव्या भागात गेलं.

“भांडण कधीच झालं नाही,” तो म्हणाला. “भाषा बदलली, मग कपडे, मग पत्ता. पुढे बस भरून लोक देश सोडून गेले. पण आजी म्हणायची, ते आधीच थोडेथोडे गेले होते.”

आमच्याकडे तरी वेगळं काय झालं? इंग्रज आले, पणजोबांनी घाणा सोडला आणि पलटणीत भरती झाले. आजोबा रेल्वेत कारकून. गावातलं घर सुटलं, आधी मुंबई, मग ठाणं, आणि निम्मं गणगोत जहाजाने ‘तिकडे’. इतका मी त्या गोष्टीत बुडालो होतो की “आमच्याकडेही” एवढं तोंडातून गेलंच. जीभ चावली. तो वाट बघत होता.

“आमच्याकडेही इंग्रज होते,” मी वाक्य कसंबसं पुरं केलं. तो हसला, पण जरा जास्त वेळ माझ्याकडे बघत राहिला.

त्यानंतर मला सगळीकडे माझ्याविरुद्धचे पुरावे दिसू लागले. शुक्रवारी त्याच्या खोलीत मटण खाल्ल्यावर तो लबन, म्हणजे इथलं ताक, पुढे करी आणि मी पोटाचं कारण सांगे. मटणावर दूध-ताक आमच्यात चालत नाही, ही लहानपणापासूनची सवय. तीन वर्षं एकच पोट, एकच कारण! एप्रिलात आमचा बिनखमिराचा सण आला. आठ दिवस पाव आणि खुबूस, म्हणजे इथला चपटा पाव, बंद. आमच्या घरी तांदूळ चालतो, म्हणून मी खोलीत तांदळाच्या भाकऱ्या थापून डब्यात नेत होतो.

“पाव नाही?” त्याने दुसऱ्या दिवशी विचारलं.

“पोट बिघडलंय,” मी म्हटलं. पाचव्या दिवशीही विचारलं, मी तेच म्हटलं. त्याने मान डोलावली आणि आपल्या पावाचा डबा दुसऱ्या बाजूला वळवून ठेवला. एवढ्या साध्या गोष्टीने मी दिवसभर अस्वस्थ राहिलो.

सणाचा शेवटचा दिवस सुट्टीचा होता. दुपारच्या नमाजासाठी कॅम्पातले लोक बाहेर पडत होते, व्हरांड्यात चपलांचा आवाज चालला होता. दारावर टकटक झाली. उघडलं तर तो उभा. हातात मोठं ताट, त्यात शीग लावलेलं पांढरं पीठ, पिठावर वालाची एक हिरवी शेंग ठेवलेली, बाजूला खमिराची पुडी, दुधाची बाटली आणि मधाची छोटी बरणी.

“तुझं पोट आज संध्याकाळी बरं होईल,” तो हळूच म्हणाला.

मला त्या ताटाचा अर्थ कळला नाही. आमच्या कोकणात असलं काही नाही. मला एवढंच कळलं की याने दिवस मोजलेत. खमिराची पुडी बघून वाटलं, हा मला पकडायला आलाय, किंवा चारचौघांत चेष्टा करायला. मागे चार-पाच जण चपला शोधत होते. त्यांना ऐकू जाईल अशा आवाजात मी म्हणालो, “हे कशाला? मी ख्रिश्चन आहे!”

त्याचा चेहरा पडला. “माफ कर,” तो म्हणाला. “माझी चूक झाली.” ताट तसंच दोन्ही हातांत धरून तो समोरच्या खोलीत गेला आणि दार लावून घेतलं.

पुढचा आठवडा मी कसा काढला ते माझं मला माहीत. बॅग भरून ठेवली. ऑफिसमधून बोलावणं आलं तेव्हा बॅगेला कुलूप लावूनच गेलो. विम्याच्या कार्डावरचा माझा फोटो जुना झालाय, एवढंच सांगायचं होतं त्यांना. बसमध्ये तो शेजारी बसे, “सलाम” म्हणे आणि डोळे मिटून घेई. गोष्टी बंद झाल्या.

शेवटी आईला फोन केला. आडून आडून विचारलं की पीठ, खमीर, मध असं ताट कोणी कधी देतं का.

“अरे, मावशीच्या तिकडे मोरोक्कोवाले शेजारी आहेत ना, ते सांगतात,” आई म्हणाली. “सण सुटायच्या दिवशी त्यांच्या गावी मुसलमान शेजारी पीठ आणून देत. आपल्या घरात खमीर नसतं, म्हणून पहिल्या पावाची कणीक त्यांच्या पिठाची. ज्याच्यावर माया आहे त्यालाच आणतात हो. तुला कोणी दिलं?”

“कोणी नाही,” मी म्हणालो. आईशीसुद्धा खोटं बोललो. फोन ठेवल्यावर मला स्वतःची किळस आली.

दुसऱ्या दिवशी बसमध्ये मागची सीट रिकामी आहे हे दोनदा बघून घेतलं. त्याच्या कानाशी वाकून मी अकरा वर्षांत पहिल्यांदा ते वाक्य म्हणालो, आणि ताटाबद्दल माफी मागितली.

तो समोरच बघत म्हणाला, “सांगायला नको होतंस. मी तुला विचारलं नव्हतं. कोणी मला विचारलं असतं तर कालपर्यंत ‘मला काय माहीत’ म्हणालो असतो, आणि ते खरं असतं. आता तुझ्यासाठी खोटं बोलावं लागेल.”

बस प्लांटच्या फाटकापाशी थांबली. ओळखपत्र तपासायला पहारेकरी आत चढला. माझ्या शेजाऱ्याने खिशातून आपलं कार्ड काढलं, माझ्या हातातलं माझंही घेतलं आणि दोन्ही पुढे केली. पहारेकरी पुढच्या रांगेकडे गेला.

“बोलेन खोटं,” माझं कार्ड परत देत तो म्हणाला.