आईला आलेला राग

मंडळी, आजचा घोळ ऐकाच!

सकाळी आईचं नाट्यसंगीत मध्येच बंद करून मी स्पीकरवर रॅप लावलं. आई फुगून बसली.

तेवढ्यात शेजारच्या हंसाबेन आल्या आणि गप्प बसलेल्या आईकडे बघून म्हणाल्या, "माजी केम चूप छे?"

मी माझ्या बडोदेकरी गुजरातीत सांगितलं, "एमने राग आव्यो छे."

गुजरातीत रागावणं म्हणजे गुस्सो. राग फक्त गाण्यातला! हे मी विसरलेच.

"अरे वाह! कयो राग?" म्हणत हंसाबेन सोफ्यावर मांडी घालून बसल्या.

आईने माझ्याकडे रोखून पाहिलं. "भैरवी!" म्हणाली आणि चक्क गायलीसुद्धा.

निघताना हंसाबेन खूश. "माजी, काले पण राग आवशे ने?"

आई म्हणाली, "ही घरात आहे तोवर रोज येईल!"